उसनं कारण

बाईला दिवस गेलेत हे तिच्या नवऱ्याआधी शिंपिणीला कळतं, असं मी म्हटलं की गिऱ्हाइकं हसतात. पण चामराजपेटेत ब्लाउज शिवण्यात माझं निम्मं आयुष्य गेलंय आणि ही थाप नाही. पोट दिसायला वेळ लागतो, छाती आधी भरते. मागच्या सणाला नीट बसलेलं ब्लाउज घेऊन बाई येते, हुक लागत नाही म्हणते, आणि टेप हातात घ्यायच्या आधीच माझी नजर तिच्या चेहऱ्याकडे जाते. "अक्का, स्वल्प लूज माडी," एवढंच ती म्हणते. जरा सैल करा. मी करून देते. काखेपाशी आत कापड सोडून शिवायचं असतं ते त्यासाठीच.

यातल्या बऱ्याच जणी पुढच्या महिन्यात आणखी सैल करून घ्यायला येतात. काही जणी मात्र तेच ब्लाउज परत घट्ट करून मागतात. मी आजवर एकीलाही कारण विचारलेलं नाही. माझा स्वभाव तिखट आहे, पण नसत्या चौकशा करायची सवय मला नाही. तरी त्या सांगतात. पडद्यामागे आम्ही दोघीच असतो, माझ्या तोंडात टाचण्या असतात म्हणून मला बोलता येत नाही, आणि बाईला तसंच माणूस हवं असतं. गर्भपात हा शब्द कुणी वापरत नाही. 'क्लीन करून घेतलं' म्हणतात, एखादं पातेलं असल्यासारखं.

एकीचा थोरला मुलगा चार वर्षांचा होऊनही बोलत नव्हता. त्याला रोज दोन बस बदलून उपचारांना न्यावं लागे. "दुसऱ्याला द्यायला माझ्याकडे काय उरलं असतं, अक्का?" असं तिनं मला आरशातून विचारलं. दुसरी नर्सिंग शिकत होती. ज्याच्याशी लग्न ठरलं होतं तोच आता तिला नको झाला होता, आणि मूल राहिलं असतं तर तोही कायमचा गळ्यात राहिला असता. एका बाईनं दंडावरचे वळ झाकतील एवढी बाही लांब करून मागितली आणि मग सांगितलं की ती घर सोडायच्या तयारीत आहे, कडेवर तान्हं घेऊन तिला ते जमलं नसतं. एकीच्या तर मुलीचंच लग्न ठरलेलं. ती लाजून हसत होती आणि डोळे पुसत होती. मी तिला पाणी दिलं आणि तिच्या व्याह्यांना मनातल्या मनात चार शिव्या दिल्या, कारण त्यांच्याच भीतीनं ती निम्मी झाली होती.

या बायकांबद्दल मला कौतुक वाटतं, आणि ते मी इथं उघडच लिहिते. स्वतःकडे काय आहे, काय नाही, कुणाला किती पुरेल, याचा विचार त्यांनी एकटीनं केला आणि निभावून नेला. एकच गोष्ट मला खुपायची. प्रत्येक जण माझ्यापुढे कारण असं मांडायची, जणू मी न्यायाधीश आहे आणि कारण कमी पडलं तर ब्लाउज शिवून देणार नाही.

मग एका श्रावणात ही गोष्ट आमच्याच घरात आली.

आमचं घर दुकानाच्या वरच आहे. सासूबाई, आम्ही दोघी जावा, दोघींचे नवरे आणि धाकटीची मुलगी. माझा मुलगा म्हैसूरला शिकतो, तो सुटीपुरता येतो. आमचं घराणं इथं किती पिढ्यांपासून आहे ते कुणालाच धड सांगता येत नाही. आमची मराठी ऐकून पुण्याचे पाहुणे हसतात आणि कन्नड ऐकून शेजारी हसतात. सासूला आम्ही अत्ते म्हणतो, तो शब्द कन्नडमधलाच. धाकटी मात्र निपाणीची. ती अत्तेंना आई म्हणते आणि मला अक्का. इंदिरानगरातल्या एका ऑफिसात ती लोकांच्या स्वयंपाकघरांचे आराखडे काढते. बेळ्ळंदूरच्या उंच इमारतींत ओटा कुठे आणि सिंक कुठे हे ती ठरवते, आणि आमच्या घरी अत्ते तिला मिठाचा डबासुद्धा हलवू देत नाहीत. यावरून मी तिला पुष्कळ चिडवते.

वरमहालक्ष्मीच्या पूजेला नेसायच्या साडीवरचं तिचं ब्लाउज मी आधीच शिवून ठेवलं होतं. सणाच्या चार दिवस आधी तिनं ते घालून बघितलं आणि हुक लागेना. आम्ही एकमेकींकडे बघितलं. तिनं ते काढून माझ्या हातात दिलं आणि डबा भरून ऑफिसला निघून गेली.

दुपारी गिऱ्हाईक नव्हतं म्हणून मी ते ब्लाउज उसवायला घेतलं. नेमक्या त्याच वेळी अत्ते खाली आल्या. त्यांचं सगळं आयुष्य याच दुकानात गेलेलं. माझ्या हातातलं ब्लाउज कुणाचं आहे आणि शिलाई कुठल्या जागी सुटतेय, हे त्यांनी जिन्यावरूनच बघितलं. कुठल्याही दुसऱ्या घरात ही बातमी अशी फुटली नसती. अत्ते परत वर गेल्या, आणि त्या गाणं गुणगुणत होत्या. मला तेव्हाच कळायला हवं होतं.

संध्याकाळी धाकटी आली तेव्हा देवघरासमोर पाट मांडलेला होता. ताटात नारळ, तांदूळ, हळकुंड, खारीक आणि हिरवा खण. चोर ओटी. तीन महिने पुरे व्हायच्या आत, बाहेर कुणाला न कळवता, घरातल्या घरात भरायची ती. अत्तेंनी स्वतः जरीची साडी नेसली होती. त्यांच्या तोंडावर असा आनंद मी बऱ्याच दिवसांत पाहिला नव्हता, आणि खरं सांगते, मला त्यांची दया आली.

धाकटीच्या गळ्यात अजून ऑफिसचं ओळखपत्र होतं. तिनं ताट बघितलं, माझ्याकडे बघितलं. मी मान हलवून सांगितलं की मी बोलले नाही. तिला ते पटलं असावं, कारण ती माझ्यावर रागावली नाही. तिनं चपला काढल्या, पाय धुऊन आली, पण पाटावर बसली नाही.

"आई," ती म्हणाली, "ही ओटी मला घेता यायची नाही. मी हे मूल ठेवणार नाहीये."

अत्तेंच्या हातात नारळ होता. तो त्यांनी ताटात ठेवला नाही, तसाच धरून उभ्या राहिल्या. "का? काय झालं?"

तेवढ्यात माझा दीर जिना चढून आला. तो स्वभावानं गोड माणूस आहे, पण आईसमोर त्याचं सातवीतलं पोर होतं. बायकोचा निर्णय त्याला माहीत होता आणि मान्यही होता. आईचा चेहरा बघून तो घाईघाईनं म्हणाला, "अम्मा, डॉक्टर म्हणाल्या की हिच्या तब्येतीला..."

"डॉक्टर काहीही म्हणालेल्या नाहीत," धाकटी म्हणाली. आवाज चढला नव्हता. "माझी तब्येत ठणठणीत आहे. मला दुसरं मूल नकोय, आई. एवढंच आहे."

माझ्या मनात आलं, अगं बाई, नवऱ्यानं आयता दोर टाकला होता, धरायचास ना. पण त्याच क्षणी मला ती इतकी आवडली की तिच्या जागी जाऊन उभं राहावंसं वाटलं.

अत्ते तोंडाला येईल ते बोलतील असं वाटलं होतं, तसं झालं नाही. त्या बसल्या. मग एकेक कारण काढून त्यांनीच तिच्यापुढे ठेवायला सुरुवात केली. नोकरीचं म्हणतेस का? मी बघेन पोराला. घर लहान पडतं का? पहिलीच्या वेळी बाळंतपणानंतर तू महिनोन् महिने रडायचीस, त्याची भीती वाटते का? धाकटी प्रत्येकाला नाही म्हणत राहिली. रडण्याच्या गोष्टीपाशी ती जरा थांबली. "ते खरं होतं, आई. पण आत्ताचं कारण ते नाही."

शेवटी अत्ते म्हणाल्या, "सरी, ठीक आहे. तुला करायचं ते कर. मी आडवी येत नाही. पण लोकांत डॉक्टरनं सांगितलं म्हणायचं. तेवढं तरी करशील?"

इतकी सूट अत्तेंनी मला लग्नानंतर कधी दिल्याचं आठवत नाही. मला वाटलं, मिटलं. धाकटी म्हणाली, "मी कुणाला सांगत फिरणार नाही. पण कुणी विचारलं तर खोटं बोलणार नाही."

अत्ते उठल्या आणि ताट उचलून आत गेल्या. त्या दिवसापासून त्या धाकटीशी बोलेनाशा झाल्या.

दुसऱ्या दिवशी मी तिला दुकानात गाठलं आणि चांगली फैलावर घेतली. एका खोट्यानं सगळं घर शांत राहत असेल तर काय बिघडलं? मी दिवसभर बायकांना 'बारीक दिसताय' म्हणून सांगते, मला कुठं पाप लागलं? ती शिलाई यंत्रासमोरच्या स्टुलावर बसून हसली. मग तिनं जे सांगितलं ते मी अजून विसरलेले नाही.

"अक्का, आजारी आहे म्हटलं की आजार बरा होतो. दोन वर्षांनी आईच विचारतील, आता बरी आहेस ना, मग होऊ दे की. दर वेळी मी काय नवा आजार काढू? आणि ज्या बाईला खरंच डॉक्टरांनी सांगितलं असेल, जी रडून रडून तिथं गेली असेल, तिचं कारण मी उसनं का घेऊ?"

"मग तुझं स्वतःचं काय आहे ते तरी सांग," मी म्हणाले.

"मी खूश आहे, अक्का. एका मुलीबरोबर, माझ्या कामाबरोबर, तुमच्या सगळ्यांबरोबर मी मनापासून खूश आहे. ती झाली तेव्हा मला ती किती हवी होती. हे तसं हवंसं वाटत नाहीये. दुःखी बाई थांबली तर सगळ्यांना कळतं. खूश असलेली थांबली तर का कळू नये?"

पडद्याआडच्या इतक्या बायकांनी मला इतकी कारणं सांगितली होती, प्रत्येकीच्या कारणात कशाची तरी उणीव होती. कुणाला वेळ नव्हता, कुणाला आधार नव्हता. कशाचीच उणीव नाही म्हणून नको, असं म्हणणारी मला ही पहिलीच भेटली. आणि तिनं माझ्याकडे माफी मागितल्यासारखं बघितलं नाही. मी रागावूनच तिच्यासाठी कॉफी मागवली.

नर्सिंग होममध्ये तिच्याबरोबर मी गेले. दिरालाही यायचं होतं, पण तिनं त्याला मुलीजवळ थांबायला सांगितलं. डॉक्टरीणबाई माझ्याच वयाच्या होत्या. त्यांनी मला बाहेर बसवून आधी तिच्याशी एकटीशी बोलून घेतलं, कुणाची जबरदस्ती नाही ना ते विचारलं. मग मला आत बोलावून पुढं काय काय होईल ते सगळं समजावून दिलं. दिवस थोडेच झाले होते, गोळ्यांनी होण्यासारखं होतं. धाकटीनं त्यांनाही तेच सांगितलं, काळजी घेऊनही राहिलं आणि मला नकोय. डॉक्टरांनी मान डोलावली आणि पुढचं सांगायला लागल्या. मी मात्र सगळा वेळ पर्सचा बंद पिळत होते.

पहिली गोळी नर्सिंग होममध्येच दिली, नंतरच्या तिनं घरी घेतल्या. त्या दिवशी अत्ते सकाळीच आपल्या बहिणीकडे बसवनगुडीला निघून गेल्या. मी दुकान बंद ठेवलं. धाकटीच्या पोटात कळा येत होत्या, ती कुशीवर पडून होती, मी गरम पाण्याची पिशवी बदलत होते. दुपारी ती थोडी रडली. मी विचारलं, वाईट वाटतंय का? "वाटतंय," ती म्हणाली. "पण चुकलं असं वाटत नाहीये." दोन्ही गोष्टी तिनं एका दमात सांगितल्या. मी तिचे केस विंचरून वेणी घातली, दुसरं काय करावं ते मला सुचत नव्हतं.

ती चार दिवसांत उठून कामाला लागली. घर मात्र उठलं नाही. अत्तेंना धाकटीला काही सांगायचं असलं की त्या मला सांगत. "तिला म्हणावं दूध उतू जातंय." ती तिथंच गॅससमोर उभी असे. मी म्हणायचे, "बाई गं, दूध उतू जातंय म्हणे." एरवी यावर आम्ही तिघी हसलो असतो. धाकटीनं केलेली कॉफी अत्ते तशीच गार होऊ देत. गौरी आली, दसरा झाला, दिवाळी झाली, तरी तेच. ती रोज त्यांच्यापुढं कप ठेवायची आणि रोज गार झालेला उचलून न्यायची. तिनं कधी आदळआपट केली नाही. मी तिच्या जागी असते तर तो कप कधीच डोक्यात घातला असता.

दीर या सगळ्यात वाळून गेला. दिवाळीनंतर एकदा तो दुकानात येऊन माझ्याशी हळू आवाजात बोलला. बेळ्ळंदूरला भाड्याचं घर बघतोय, म्हणाला. मुलगी मोठी होतेय, तिला आता कळायला लागलंय, आजी आईशी का बोलत नाही म्हणून विचारते. पुढच्या महिन्यात जाऊ. त्यानं हे सांगितलं आणि मी कात्री खाली ठेवली. घरात दुसरी बाई असणं म्हणजे काय हे एकटीनं सून म्हणून वर्षं काढलेलीला विचारा. मला ती जायला नको होती. हे मी त्याला सांगितलं नाही, कारण त्याचंही बरोबर होतं. तो वर जायला वळला तेव्हा अत्ते जिन्यातच उभ्या होत्या.

त्याच दिवसांत आमच्या नात्यातलं एक लग्न निघालं. कार्यालय जवळच होतं. पुरुषमंडळी दारात पाहुण्यांच्या स्वागताला उभी होती आणि आम्ही बायका पहिल्या पंगतीला बसलो, अत्ते, मी, माझ्या शेजारी धाकटी. समोरच्या रांगेत अत्तेंची थोरली जाऊ होती. या बाईला आमच्या सबंध गोतावळ्यात सगळे घाबरतात. कुणाच्या सुनेचं काय चाललंय हे त्यांना त्या घराच्याही आधी माहीत असतं. केळीच्या पानांवर भात आला, सार आलं, वाढपी आग्रह करकरून वाढत होते. थोरल्या बाईंनी पहिला घास घेतला आणि सगळ्या रांगेला ऐकू जाईल असं धाकटीला विचारलं, "काय गं, दुसऱ्याचं काय? पोरगी शाळेत जायला लागली. काही अडचण आहे का?"

माझा हात पानावर थांबला. धाकटी काय सांगणार ते मला माहीत होतं. ती शांतपणे खरं सांगणार, मग ही बाई ते लग्नभर वाटत फिरणार, आणि अत्ते आज संध्याकाळीच या दोघांच्या बॅगा दाराबाहेर ठेवणार. धाकटीनं पाण्याचा पेला खाली ठेवला, घसा साफ केला.

तिच्या आधी अत्ते बोलल्या.

"अडचण कसली? राहिलं होतं. तिला नको होतं, नाही ठेवलं."

समोरची बाई घास हातात धरून बघत राहिली. आजूबाजूच्या बायकाही जेवायच्या थांबल्या. "नको होतं म्हणजे? तब्येत वगैरे..."

"तब्येत चांगली आहे तिची." अत्तेंचा आवाज कापत होता, पण मान वर होती. तेवढ्यात वाढपी लाडवांची परात घेऊन त्या बाईंपाशी आला, आणि त्यांनी सवयीनं पानावर हात आडवा धरला. अत्तेंनी त्या हाताकडे बोट दाखवलं. "हे बघा. तुम्ही आत्ता बस म्हणालात. तुम्ही आजारी आहात का? लाडू वाईट आहे का? त्यानं कारण विचारलं का तुम्हाला?"

कुणीतरी फिस्सकन हसलं. थोरल्या बाईंनी हात मागे घेतला आणि खाली बघून भात कालवायला लागल्या. वाढप्यानं बिचाऱ्यानं गोंधळून त्यांच्या पानावर लाडू ठेवूनच दिला.

मी धाकटीकडे बघितलं. जिनं त्या दिवशी पाटासमोर उभं राहून पापणी हलवली नव्हती, ती आता पानावर मान घालून रडत होती आणि रडता रडता जेवत होती. अत्तेंनी तिकडे लक्ष दिलं नाही. त्यांनी आपलं जेवण नेहमीसारखं शेवटच्या ताकापर्यंत पुरं केलं.

परत येताना रिक्षात आम्ही तिघी दाटीवाटीनं बसलो, अत्ते मध्ये. सिग्नलला रिक्षा थांबली होती. अत्ते समोर बघत होत्या. श्रावणापासून त्या धाकटीशी सरळ बोलल्या नव्हत्या.

"नवऱ्याला सांग," त्या तिला म्हणाल्या, "घर बघणं पुरे झालं."